पुकारा करूनही गैरहजर

जिल्हा न्यायालयात ज्या माणसाच्या नावाने सगळ्यात मोठ्याने हाक मारली जाते, तो माणूस तिथे नसतो. जे हजर असतात ते पहिल्या हाकेलाच चपला सावरत आत धावतात, त्यांच्यासाठी घसा ताणायची वेळच येत नाही. गैरहजर माणसाचा पुकारा मात्र साग्रसंगीत होतो. पट्टेवाला दारात येऊन पहिल्यांदा नुसतं आडनाव घेतो. दुसऱ्यांदा नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव घेतो. तिसऱ्यांदा तो जिन्यापर्यंत जातो आणि खालच्या चहाच्या टपरीवर ऐकू जाईल अशा बेताने ओरडतो. व्हरांड्यातल्या बाकावर पेंगणारे एखादे आजोबा आपलंच नाव असेल या भीतीने दचकून उठतात, नाही असं कळल्यावर समाधानाने पुन्हा पेंगायला लागतात. आत साहेब रिकाम्या खुर्च्यांकडे बघतात, घड्याळाकडे बघतात, दुपारच्या सत्रात आणखी एकदा पुकारा करायला लावतात. मग रोजनाम्यावर दीड ओळ उमटते : अपिलार्थी व त्यांचे वकील पुकारा करूनही गैरहजर, सबब अपील गैरहजेरीत काढून टाकण्यात येते.

ज्या अपिलापायी दोन सख्खे भाऊ वर्षानुवर्षं एकमेकांच्या घरचं पाणी प्यायले नाहीत, ते असं दीड ओळीत आटोपतं. खरा कोण, खोटा कोण, बांध कुणी कोरला, विहिरीत पाळी कुणाची, यातलं काहीच ठरत नाही. ठरतं ते एवढंच, की ज्याने न्याय मागितला तो न्याय घ्यायला आला नाही. वकील मंडळी याला ‘अपील डिफॉल्टला गेलं’ म्हणतात. बोलताना त्यांचा सूर असा असतो, की जणू अपील आपल्या पायांनी चालत गेलं आणि कुणाला सांगून गेलं नाही.

दिवाणी प्रक्रिया संहितेत याची तरतूद आदेश 41, नियम 17 मध्ये आहे. संहिता 1908 ची. पण तिच्या आधीच्या 1882 च्या संहितेतही ही तरतूद होतीच. तेव्हा अपील करून न येणारा माणूस ही मोबाइलने बिघडवलेल्या पिढीची देणगी नव्हे. इंग्रजांना तो व्हिक्टोरिया राणीच्या अमदानीतच भेटला होता आणि त्याच्यासाठी त्यांना वेगळं कलम लिहावं लागलं होतं.

हा माणूस ओळखायला सोपा आहे. प्रत्येक गावात तो एक तरी असतो. आपण त्याला अण्णा म्हणू. अण्णा खालच्या कोर्टात हरले की त्याच संध्याकाळी पारावर जाहीर करतात, “अजून वर कोर्टं आहेत म्हणावं.” जिल्हा न्यायालयात अपील करायला 30 दिवसांची मुदत असते. अण्णा 29 दिवस पारावर काढतात आणि तिसाव्या दिवशी वकिलांच्या घरी सकाळी सहाला उभे राहतात. अपील दाखल होतं त्या दिवशी जीप भरून माणसं येतात. भाऊबंद, मेहुणे, बांधाच्या पलीकडचे बघे, एक माजी सरपंच. वकीलसाहेबांच्या टेबलाभोवती उभं राहायला जागा नसते. पहिल्या तारखेला दहाजण, दुसरीला चौघं, मग अण्णा आणि पुतण्या. पुढे अण्णांचे गुडघे दुखायला लागतात, पुतण्याला पुण्यात नोकरी लागते, आणि अपिलाची सगळी भिस्त वकीलसाहेबांवर येते. वकीलसाहेब ज्युनिअरला सांगतात. ज्युनिअर त्या दिवशी दुसऱ्या कोर्टात उलटतपास ऐकत असतो, म्हणून तो कारकुनाला सांगतो. कारकून झेरॉक्सच्या रांगेत असतो. नेमका त्या दिवशी साहेबांचा बोर्ड भरभर चालतो.

आता कुणी म्हणेल, इतका खर्च करून अपील केलं तर माणूस येत का नाही? हा प्रश्न विचारणाऱ्याने आयुष्यात कधी अपील केलेलं नसतं. अण्णांना निकाल नकोच होता. त्यांना हवं होतं ते ‘अपील चालू आहे’ हे वाक्य. या एका वाक्यात फार ताकद आहे. जमिनीला गिऱ्हाईक आलं की समोरच्या पार्टीला ते सांगावं लागतं आणि गिऱ्हाईक चहा पिऊन निघून जातं. मुलीकडचे लोक स्थळ बघायला आले की ‘जमिनीचं काय?’ या प्रश्नाला अण्णा छाती पुढे काढून हेच वाक्य ऐकवतात. हरलेल्या माणसाला या वाक्याने निम्मं जिंकल्यासारखं वाटतं, जिंकलेल्याला निम्मं हरल्यासारखं. प्रलंबित अपील म्हणजे गावाकडचं बंद घर. राहायला कुणी जात नाही, झाडलोट कुणी करत नाही, पण विकायचं नाव काढलं की सगळे भाऊ भांडायला हजर.

यात अण्णांचा एक गैरसमजही असतो, आणि तो त्यांच्या पिढीजात मिळकतीइतकाच जुना आहे. अपील दाखल झालं की खालचा हुकूम आपोआप थांबतो, असं त्यांना वाटतं. आदेश 41, नियम 5 म्हणतो, नुसत्या अपिलाने काही थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती साहेबांनी द्यावी लागते. तेव्हा कित्येक अण्णा वर्षानुवर्षं ज्या भिंतीमागे निवांत बसलेले असतात, ती भिंत कुणी बांधलेलीच नसते. समोरचा जाबदेणारा, त्याला आपण तात्या म्हणू, तोही तेवढाच अडाणी असल्यामुळे भिंत आहे असं समजून पलीकडे थांबून राहतो. आपल्या ग्रामीण शांततेचा बराचसा भाग या दोन अज्ञानांवर उभा आहे.

पण गैरहजेरीचं सगळं खापर आळसावर फोडणं हा अण्णांच्या बुद्धीवर अन्याय होईल. नियम 17 ला 1976 च्या दुरुस्तीने एक स्पष्टीकरण जोडलं आहे. त्याचा अर्थ असा, की अपिलार्थी गैरहजर असेल तर न्यायालय अपील काढून टाकू शकतं, पण त्याच्या गुणदोषांवर निकाल देऊ शकत नाही. साहेबांनी रात्र जागून फाईल वाचली असेल, अपिलात काडीचा दम नाही हे त्यांना स्वच्छ दिसत असेल, तरी तसं लिहिता येत नाही. फार तर पुढची तारीख द्यायची किंवा गैरहजेरीत काढायचं. आता याचा हिशेब मांडून पाहा. अपील कच्चं असेल आणि तुम्ही हजर राहिलात, तर युक्तिवाद होईल, निकाल लागेल आणि तुम्ही कायदेशीर हराल. तुम्ही आलाच नाहीत, तर अपील जाईल, पण तुम्ही हरला नाहीत! ते परत आणता येतं. थोडक्यात, लंगड्या अपिलाला हजेरीपेक्षा गैरहजेरी जास्त मानवते. ज्या वकीलसाहेबांनी फाईल उघडलेली नसते त्यांनाही हे ठाऊक असतं. युक्तिवादाला उभं राहून ततपप करण्यापेक्षा शेजारच्या कोर्टात फार कामात असणं केव्हाही सन्मानाचं.

अपील परत आणायची वाट नियम 19 मध्ये आहे. गैरहजर राहायला ‘पुरेसं कारण’ होतं हे पटवून दिलं की अपील पुन्हा दाखल करून घेतात. त्यासाठी मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद 122 प्रमाणे 30 दिवस मिळतात, आणि ते अपील निघाल्या दिवसापासून मोजतात. अण्णांना कधी कळलं, पुतण्याचा फोन कधी लागला, याच्याशी या तीस दिवसांना देणंघेणं नसतं.

इथून पुढे मराठी गद्याचा एक दुर्लक्षित प्रकार सुरू होतो : अर्जासोबतचं शपथपत्र. आपल्या समीक्षकांनी कथा, कादंबरी, ललित सगळं चाळलं, पण फेर-दाखल अर्जाच्या वाङ्मयाकडे कुणी वळलं नाही. त्याचे ठरलेले रस आहेत. पहिला वैद्यकीय रस. या शाखेत टायफॉइडला मानाचं पान आहे. हा ताप बरोबर तारखेच्या आदल्या रात्री चढतो, डॉक्टर सक्त विश्रांती सांगतात आणि ती विश्रांती 29 व्या दिवशी संपते. त्याखालोखाल कावीळ, कारण ती रेंगाळते आणि मुदत उलटली तरी कामी येते. गुडघेदुखी आणि रक्तदाब हे दुय्यम, साहेबांना स्वतःलाच असतात. दुसरा कौटुंबिक रस, ज्यात वयोवृद्ध मातोश्री आजारी पडतात. एकेका फाईलमध्ये मातोश्रींनी इतक्या वेळा अंथरूण धरलेलं असतं, की त्या अर्जदाराहून चिवट ठरतात. तिसरा लेखी रस : वकीलसाहेबांच्या डायरीत 12 ऐवजी 21 तारीख लिहिली गेली. हा सगळ्यात सभ्य रस आहे, कारण त्यात दोष आकड्यांचा असतो, माणसांचा नसतो. शेवटी एक वाक्य हमखास येतं : सदर गैरहजेरी हेतुपुरस्सर नसून अर्ज मंजूर न झाल्यास अर्जदाराचे कधीही भरून न येणारे नुकसान होईल. ज्याला तारखेला यायला एसटीचं भाडं जड झालं होतं, त्याचं हे नुकसान.

मुदत उलटली तर? घाबरू नये. मुदत अधिनियमाचं कलम 5 म्हणतं, पुरेसं कारण असेल तर उशीर माफ होऊ शकतो. आता किती उशीर माफ होतो, हे गणिताने सांगता येत नाही. अनंतनागच्या भूसंपादन कलेक्टरांच्या एका अपिलाला अवघा चार दिवसांचा उशीर झाला होता. उच्च न्यायालयाने ते मुदतबाह्य म्हणून काढलं आणि त्या चार दिवसांची माफी मागायला सरकारला सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं. 1987 च्या त्या निकालात न्यायालयाने उदार धोरण सांगितलं. प्रत्येक दिवसाच्या उशिराचा खुलासा हवा, हा नियम शब्दशः ताणायचा तर मग प्रत्येक तासाचा आणि प्रत्येक सेकंदाचा का मागू नये, असा टोलाही त्यात आहे. 1998 मध्ये एका एकतर्फी हुकूमनाम्याच्या प्रकरणात तब्बल 883 दिवसांचा उशीर माफ झाला. दिवस किती ते महत्त्वाचं नाही, खुलासा पटणारा आहे का ते महत्त्वाचं, असं ठरलं. हे वाचून अण्णांचा जीव भांड्यात पडतो तोच 2012 चा निकाल समोर येतो. त्यात 427 दिवस माफ झाले नाहीत. फाईल या टेबलावरून त्या टेबलावर जायला वेळ लागला, ही सबब आता चालायची नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने सुनावलं. उशिरा आलेलं खातं कोणतं होतं? टपाल खातं. आपल्याकडे विनोदी लेखक उगाच कष्ट घेतात.

या सगळ्यात वकील आणि पक्षकार यांच्यातला दोष कुणाचा, हा जुना वाद आहे. पक्षकार म्हणतो, वकिलाला फी दिली, मी कशाला येऊ? वकील म्हणतो, पक्षकार फिरकला नाही, फी अर्धी दिली, मी कशाला जाऊ? रफीक विरुद्ध मुन्शीलाल या 1981 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पक्षकाराची बाजू घेतली. खेड्यातल्या माणसाने वकील नेमला, फी भरली, की त्याने निर्धास्त राहावं, वकिलावर राखण करत बसू नये, अशा आशयाचं त्यात म्हटलं आहे, आणि खर्चाचे 200 रुपये गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितले आहेत. हा निकाल पक्षकारांना फार आवडतो. तो वकिलांनाही आवडतो, कारण फेर-दाखल अर्जात ते स्वतःच तो दाखवतात : साहेब, चूक माझी आहे, माझ्या पक्षकाराला शिक्षा नको. स्वतःची चूक इतक्या ठामपणे आणि दाखल्यासकट मांडायची संधी दुसऱ्या कुठल्या व्यवसायात मिळत नसेल. पण पुढच्या निकालांनी हेही बजावलं आहे, की हा दाखला म्हणजे सरसकट माफीपत्र नव्हे. शिकल्यासवरलेल्या पक्षकाराने सगळं वकिलावर ढकलून झोपून जावं, हे चालणार नाही.

आता जरा पलीकडच्या बाजूला जाऊ. अपील निघाल्याचं कळताच तात्या पेढे आणतो. इथेच त्याचं चुकतं. पहिले 30 दिवस त्याने साखरही वाटू नये. अर्ज येतो, तात्याला नोटीस येते, तात्या पुन्हा वकील लावतो. साहेब अर्ज मंजूर करतात आणि अण्णांनी तात्याला काही रक्कम खर्च म्हणून द्यावी असं लिहितात. ती रक्कम तात्याच्या वकिलाच्या त्या दिवसाच्या फीलाही पुरत नाही. समजा अर्ज नामंजूर झाला, तर त्या नामंजुरीवरही अपील आहे : आदेश 43, नियम 1, उपखंड (न) किंवा इंग्रजी प्रतीतला (टी). ते अपीलसुद्धा डिफॉल्टला जाऊ शकतं आणि परत आणता येतं. फेर-दाखल अर्जच गैरहजेरीत निघाला, म्हणून तो फेर-दाखल करायचा अर्ज आला, असे प्रकारही व्हरांड्यात ऐकायला मिळतात. तात्या स्वतः मात्र एका तारखेला चुकला, तर कायदा त्याला वेगळा न्याय लावतो. जाबदेणारा गैरहजर असला तर अपील एकतर्फी ऐकून गुणदोषांवर निकाली काढता येतं. म्हणजे ज्याने भांडण वरच्या कोर्टात नेलं त्याची गैरहजेरी त्याला वाचवते, ज्याला ओढून आणलं त्याची गैरहजेरी त्याला बुडवते. त्यालाही फेरसुनावणी मागता येते, पण पेढ्यांचे पैसे परत मिळायची तरतूद संहितेत नाही.

काही अपिलार्थींची गैरहजेरी मात्र खरोखर पुरेशा कारणाने असते : ते वारलेले असतात. अपिलार्थी वारला की 90 दिवसांत त्याचे वारस लावायचे, नाहीतर अपील आपोआप संपुष्टात येतं. ते उठवून घ्यायला आणखी 60 दिवस. पक्षकार वारल्याचं कळलं तर वकिलाने ते न्यायालयाला कळवावं, असाही नियम आदेश 22 मध्ये 1976 साली घातला गेला. पण पक्षकार वारल्याचं वकिलाला कळायला आधी पक्षकाराने वकिलाला भेटायला हवं, आणि जिवंतपणीच जो भेटत नव्हता तो मेल्यावर कुठून येणार? मग तेरावा, वर्षश्राद्ध सगळं उरकलेल्या माणसाच्या नावाने व्हरांड्यात पुकारा होतो आणि पट्टेवाला जिन्यापर्यंत जाऊन वाट बघतो.

यात साहेबांची दया यावी अशी परिस्थिती असते. नियमात अपील काढून टाकता ‘येईल’ असं आहे, काढलंच पाहिजे असं नाही. म्हणून भला न्यायाधीश आणखी एक तारीख देतो, मग आणखी एक. दाव्याच्या सुनावणीत एका पक्षकाराला तीनपेक्षा जास्त तहकुब्या देऊ नयेत, असं संहिता म्हणते. ते वाचून कुठल्याही कोर्टातला कुठलाही कारकून मंद हसतो. काढलं तर परत येतं, ठेवलं तर हलत नाही. जुनी अपिलं निकाली काढा असा वरून आग्रह, आणि ज्यांची अपिलं त्यांचा पत्ता नाही.

अर्थात सगळेच अण्णा नसतात. गिनीज बुकाने नोंदवलेला एक दावा पुण्याचाच आहे. मूळ वाद 1205 सालचा, निकाल 28 एप्रिल 1966 चा, म्हणजे 761 वर्षांनी. वाद कशाचा? समारंभात आणि उत्सवात मान कुणाचा पहिला, याचा! जमीन असती तर एखाद्या पिढीने कंटाळून सोडून दिली असती. मानपानाचा प्रश्न असल्यामुळे इतक्या पिढ्या तो कुणी डिफॉल्टला जाऊ दिला नाही. यावरून मराठी माणूस तारखेला येऊ शकतो हे सिद्ध होतं, त्याला कारण तेवढं पटायला हवं.

तेव्हा ज्यांचं अपील कुठल्या तरी जिल्ह्याच्या ठिकाणी धूळ खात पडलं असेल, त्यांना एवढंच सांगणं आहे. प्रत्येक प्रकरणाला आता सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक असतो, तो ई-कोर्टच्या ॲपमध्ये टाकला की पुढची तारीख घरबसल्या दिसते. नातवाला सांगा, तो मिनिटभरात दाखवेल. अपिलात दम असेल तर तारखेला जा आणि ते चालवा. दम नसेल तर लोकअदालतीत जाऊन मिटवा. तिथे मिटलं तर कोर्ट फी परत मिळते. तिथल्या निवाड्यावर अपील करता येत नाही, हे ऐकून अण्णा लोकांचा चेहरा पडतो, पण तोच त्याचा मोठा गुण आहे. आणि यातलं काहीच करायचं नसेल, तर निदान वारसांना त्या फाईलबद्दल सांगून ठेवा. 90 दिवस फार लवकर संपतात.